सुटत नसेल तर तसं सांगा

गेल्या महिन्यात एका रात्री साडेअकराला आई मोबाईल घेऊन बसली होती, चष्मा कपाळावर सरकवलेला, आणि एकदम म्हणाली, "आता माझं डोकं पहिल्यासारखं चालत नाही गं." मी दचकलेच. काय झालं म्हणून बघितलं तर तो रंगीत पाण्याचा गेम. काचेच्या नळ्या असतात, प्रत्येक नळीत चार थर वेगवेगळ्या रंगांचे, आणि एका नळीतलं पाणी दुसरीत ओतत ओतत शेवटी प्रत्येक नळीत एकच रंग आणायचा. ओतायचं कधी, तर वरचा रंग सारखा असेल आणि जागा असेल तेव्हाच, किंवा मग रिकाम्या नळीत. एवढाच नियम. आई तीन दिवस एकाच लेव्हलला अडकली होती आणि तिने सरळ निष्कर्ष काढला होता की दोष तिच्या वयाचा आहे.

मी तो फोटो काढून घेतला, कागदावर नळ्या काढल्या, रंगांची पहिली अक्षरं लिहिली आणि बसले. नऊ रंग, दोन रिकाम्या नळ्या. तासभर झाला तरी काही नाही. कुठूनही सुरुवात केली तरी पंधरा-वीस मूव्हनंतर दोन्ही रिकाम्या नळ्या भरलेल्या असायच्या आणि वरचे रंग एकमेकांशी जुळत नसायचे. मला थोडंफार प्रोग्रामिंग येतं, म्हणून रविवारी बसून एक छोटा प्रोग्राम लिहिला, जो सुरुवातीच्या मांडणीतून शक्य असलेली प्रत्येक वाट शेवटपर्यंत चालून बघतो आणि एकदा बघितलेली मांडणी परत बघत नाही. दोनदा तपासला, आधीच्या चार लेव्हल त्याला देऊन बघितल्या, त्या त्याने पटापट सोडवल्या. मग ही दिली. उत्तर आलं, एकही वाट नाही. ती लेव्हल सुटतच नव्हती. आणि एक जादा नळी दिली की लगेच सुटत होती.

आता ती जादा नळी कुठे मिळते, तर स्क्रीनच्या खालीच बटण आहे, त्यावर नळीचं चित्र आणि कोपऱ्यात छोटंसं व्हिडिओचं चिन्ह. दाबलं की तीस सेकंद ॲड. आईने तीन दिवसांत ते बटण दाबलं नव्हतं कारण तिला ती चीटिंग वाटत होती. ती प्रामाणिकपणे खेळत होती आणि समोरचा तिच्याशी प्रामाणिक नव्हता, मला राग याचा आहे.

यावर पहिला प्रश्न सगळे हाच विचारतात की हे मुद्दाम केलंय का चुकून. मी पण आधी तिथेच अडकले होते. पण जितका विचार केला तितकं पटत गेलं की हा प्रश्न आपण विचारायचा नाहीच, कारण बाहेरून याचं उत्तर कधीच मिळणार नाही आणि या उत्तर न मिळण्याच्या आडोशालाच सगळा धंदा चालतो. चुकून झालेलं असू शकतं, नक्कीच असू शकतं. पंधरा ठोकळ्यांचं कोडं घ्या. चार बाय चारची चौकट, १ ते १५ आकडे, एक घर रिकामं, ठोकळे सरकवून ओळीत लावायचे. प्रोग्रामिंग नुकतंच शिकलेला माणूस हा गेम बनवतो तेव्हा बहुतेक वेळा काय करतो, तर आकडे वाट्टेल तसे पिसून चौकटीत टाकतो. आणि असं केलं की निम्मे डाव सुटतच नाहीत. अंदाजे निम्मे नाही, बरोबर निम्मे. सोळा घरांत हे ठोकळे आणि ती रिकामी जागा ठेवायच्या जवळपास २१ लाख कोटी मांडण्या आहेत आणि त्यातल्या अर्ध्यांपासून ओळीत लावलेल्या मांडणीपर्यंत पोचताच येत नाही.

का येत नाही ते समजून घेण्यासारखं आहे. समजा सगळे आकडे ओळीत आहेत, फक्त १४ आणि १५ उलटे. रिकामं घर खालच्या उजव्या कोपऱ्यात. आता तुम्ही कितीही ठोकळे सरकवा, शेवटी ते रिकामं घर परत त्याच कोपऱ्यात यायला हवं, म्हणजे ते जितक्या वेळा वर गेलं तितक्या वेळा खाली आलं, जितक्या वेळा डावीकडे तितक्या वेळा उजवीकडे, म्हणजे एकूण मूव्ह सम संख्येने झाल्या. प्रत्येक मूव्ह म्हणजे रिकाम्या घराची आणि एका ठोकळ्याची अदलाबदल. आणि तुम्हाला हवंय काय, तर फक्त १४ आणि १५ ची एकच अदलाबदल, म्हणजे विषम. सम अदलाबदलींमधून विषम फरक कधीच भरून निघत नाही, वर्षभर सरकवत बसलात तरी. हे १८७९ मध्येच एका अमेरिकन गणिती मासिकात सिद्ध होऊन छापून आलं होतं.

आणि तरी १८८० मध्ये या कोड्याचं अक्षरशः वेड लागलं होतं लोकांना. पुढे सॅम लॉईड नावाचा प्रसिद्ध कोडेकार होता, त्याने हे कोडं आपणच शोधलं असं सांगत राहिला (ते खोटं होतं, त्याचा उगम न्यूयॉर्क राज्यातल्या नॉइस चॅपमन नावाच्या पोस्टमास्तरकडे जातो) आणि १४-१५ सरळ करून दाखवणाऱ्याला १००० डॉलरचं बक्षीस लावलं. त्या काळात १००० डॉलर म्हणजे मोठी रक्कम, आणि त्याच्या खिशातून एक पैसाही जाणार नाही हे गणिताने आधीच ठरलेलं. म्हणजे न सुटणारं कोडं लोकांसमोर ठेवून त्यांना झुलवत ठेवायची युक्ती मोबाईलने शोधलेली नाही, तिला शंभरावर वर्षं झाली. फरक इतकाच की लॉईडला प्रत्येक फसलेल्या तासाचे पैसे मिळत नव्हते. आज मिळतात. तुम्ही अडकलात की ॲड चालते, हिंट विकली जाते, जादा मूव्ह विकल्या जातात. म्हणून समजा लेव्हल चुकून न सुटणारी बनली, तरी ती दुरुस्त करायची घाई कोणाला असेल? जी चूक दर दिवशी कमाई करून देते ती चूक राहूनच जाते, आणि कालांतराने चुकून आणि मुद्दाम यातला फरक बनवणाऱ्याच्या मनातसुद्धा पुसट होत जातो. त्यामुळे माझं म्हणणं असं की हेतू सिद्ध करायचं ओझं खेळणाऱ्यावर नकोच. डाव सुटतो हे दाखवायची जबाबदारी डाव मांडणाऱ्याची.

आपण लहानपणी कोडी घालायचो तेव्हा एक नियम होता जो कोणी लिहून ठेवलेला नव्हता पण सगळ्यांना माहीत होता. समोरच्याला येत नसेल तर आपण म्हणायचो, "हरले म्हण, मग सांगते." आणि तो हरलो म्हणाला की उत्तर सांगावंच लागायचं. उत्तर माहीत नसताना कोडं घालणारा खोटारडा ठरायचा, त्याच्याशी परत कोणी खेळायचं नाही. कोडं घालणं याचा अर्थच मुळात असा आहे की माझ्याकडे उत्तर आहे, ते तुझ्यापर्यंत पोचायला वाट आहे आणि तू ती शोध. हा शब्द दिलेला असतो. आईच्या त्या गेममध्ये हरले म्हणायची सोयच नाही. हरले म्हटलं की उत्तर येत नाही, ॲड येते.

आता कोणी म्हणेल की सगळेच खेळ सुटायला हवेत असं कुठे आहे, आणि ते बरोबर आहे, मी पण तसं म्हणत नाहीये. टेट्रिस, तो वरून पडणारे ठोकळे रचायचा खेळ, कधीच संपत नाही, तुम्ही हरेपर्यंतच खेळता. एस आणि झेड आकाराचे ठोकळे आलटून पालटून येत राहिले तर कितीही हुशार खेळाडू शेवटी हरतोच हे १९९७ मध्ये गणिताने सिद्ध झालंय. पण टेट्रिसने कधी सांगितलंच नव्हतं की तुम्ही जिंकाल. २०१० मध्ये तर सॅम ह्यूजने हेटट्रिस (हेट म्हणजे द्वेष) नावाचा टेट्रिस बनवला जो दर वेळी मुद्दाम तुमच्या सगळ्यात गैरसोयीचा ठोकळा शोधून पाठवतो. मला तो खेळ आवडतो, कारण त्याचं वैर उघड आहे, नावातच सांगून टाकलंय. सॉलिटेअर पण तसंच, पत्ते पिसले की नशीब आलंच. नेहमीच्या सॉलिटेअरमध्ये सगळे पत्ते उघडे दिसत असते तरी साधारण ८२ टक्के डावच सुटतात, बाकीचे मुळातच मेलेले असतात. हे पत्ते खेळणाऱ्याला मनातून ठाऊक असतं, आणि सॉलिटेअरच्या बऱ्याच ॲपमध्ये सुटणारा डाव हवा की कसाही चालेल असं आधी निवडताही येतं. तिथे तक्रारीला जागा नाही.

फ्रीसेल या पत्त्यांच्या खेळाची गोष्ट तर मला फार आवडते. विंडोजबरोबर येणाऱ्या फ्रीसेलमध्ये ३२,००० डाव होते, प्रत्येकाला नंबर, आणि मदतीच्या पानावर लिहिलेलं की प्रत्येक डाव सुटतो असं मानलं जातं, पण सिद्ध झालेलं नाही. बघा, किती सरळ वाक्य आहे ते. आम्हाला असं वाटतं, खात्री नाही. १९९४-९५ मध्ये डेव्ह रिंग नावाच्या माणसाने इंटरनेटवरून स्वयंसेवक गोळा केले, डाव वाटून दिले, ज्याला सुटला नाही त्याने पुढच्याला द्यायचा, असं करत करत सगळे सुटले आणि एकच उरला, ११९८२ नंबरचा. तो कोणालाच सुटला नाही, नंतर कॉम्प्युटरने पण हात टेकले आणि तो खरंच सुटत नाही हे नक्की झालं. पुढे डाव दहा लाखांपर्यंत वाढवले तेव्हा त्यात न सुटणारे फक्त आठ निघाले. शिवाय बनवणाऱ्याने उणे १ आणि उणे २ असे दोन नंबर गुपचूप ठेवले होते, ते टाकले की मुद्दाम न सुटणारा डाव यायचा. म्हणजे मुद्दाम अशक्य डाव तिथेही होता! पण तो कोणाच्या वाटेत नव्हता, त्याच्यासाठी उणे आकडा टाकायला लागायचा, आणि त्यावर कोणी काही विकत नव्हतं. आता ११९८२ हा नंबर फ्रीसेलवाल्यांच्या आठवणीत कायमचा राहिलाय कारण त्याला नंबर होता. कोणीही, कुठेही, तोच डाव उघडून तपासू शकत होता. आईच्या लेव्हलचं तसं नाही, तीच लेव्हल दुसऱ्याच्या फोनवर तशीच येते का हेसुद्धा कळायला मार्ग नाही.

अशक्य कोडी लोकांना मुद्दाम देणारी अजून एक जागा आहे आणि ती म्हणजे मानसशास्त्राची प्रयोगशाळा. १९९८ चा बाउमायस्टर आणि सहकाऱ्यांचा प्रयोग गाजलेला आहे. भुकेल्या विद्यार्थ्यांसमोर ताजी बिस्किटं आणि मुळे ठेवले, काहींना फक्त मुळेच खायला सांगितलं, आणि मग सगळ्यांना आकृत्या दिल्या, पेन्सिल न उचलता आणि तीच रेघ परत न गिरवता काढायच्या. त्या आकृत्या तशा काढताच येत नव्हत्या. बघायचं होतं की किती वेळ झटतात. मुळेवाले साधारण ८ मिनिटांत सोडून देत होते आणि बिस्किटवाले १९ मिनिटं टिकले. त्या निष्कर्षावर पुढे खूप वाद झाले, ते जाऊ दे. मला महत्त्वाचं वाटतं ते वेगळंच. अशा प्रयोगात माणसाला फसवलेलं असतं, आणि अमेरिकन मानसशास्त्र संघटनेच्या आचारसंहितेत स्पष्ट लिहिलंय की फसवणूक केली असेल तर ती शक्य तितक्या लवकर त्या माणसाला समजावून सांगायला हवी. म्हणजे एकोणीस मिनिटांनंतर कोणीतरी येऊन सांगणार की बाबा रे, हे सुटणारं नव्हतंच, तुझी काही चूक नाही. का सांगायचं, तर माणूस आपण कमी पडलो असं मनात घेऊन घरी जाऊ नये म्हणून. एकोणीस मिनिटांसाठी इतकी काळजी. आणि आईचे तीन दिवस? तिला येऊन कोणी सांगणार होतं?

हे छोटं प्रकरण आहे असं ज्यांना वाटतं त्यांनी हे खेळ कोण खेळतं ते बघावं. दिवसभर दमलेली माणसं, आजारपणात पडून असलेली माणसं, डोकं तल्लख राहावं म्हणून मुद्दाम कोडी सोडवणारी म्हातारी माणसं, लहान मुलं. यातल्या प्रत्येकाच्या मनात आधीच एक शंका असते की मला जमतंय का अजून. म्हातारा माणूस तर रोजच्या प्रत्येक विसरण्याचा हिशोब ठेवत असतो. त्याच्या हातात न सुटणारं कोडं देऊन गप्प बसणं हे मला निर्दयपणाचं वाटतं, हेतू काही का असेना. शिवाय हरण्यातही प्रकार असतात. २००९ मध्ये ल्यूक क्लार्क आणि सहकाऱ्यांनी जुगाराच्या मशीनसारख्या खेळावर अभ्यास केला, त्यात दिसलं की थोडक्यात हुकलेली हार लोकांना साध्या हारीपेक्षा जास्त टोचते आणि तरीही पुन्हा खेळायची इच्छा वाढवते. एकच नळी कमी पडली, एकच मूव्ह कमी पडली, हे असं थोडक्यात हुकणं जर आधीच रचून ठेवता येत असेल तर मग ते कोडं राहिलं कुठे.

बनवणाऱ्यांकडून एक उत्तर हमखास येतं की हे तपासणं टेक्निकली अवघड आहे. आणि त्यात अर्धसत्य आहे म्हणून ते नीट ऐकायला हवं. माइनस्वीपर म्हणजे आकड्यांवरून लपलेले सुरुंग ओळखायचा खेळ, त्यातली मांडणी शक्य आहे का हे ठरवणं एनपी-कम्प्लीट आहे हे रिचर्ड केने २००० मध्ये दाखवलं, आणि रंगीत पाण्याच्या कोड्याबद्दलही २०२२ मध्ये तेच सिद्ध झालंय. याचा अर्थ नळ्यांची संख्या वाढत गेली तर झटपट तपासायची सगळीकडे लागू पडेल अशी कुठलीच पद्धत आज माहीत नाही. पण मोबाईलच्या स्क्रीनवर मावतात त्या नळ्या किती, दहा, बारा, चौदा. माझ्यासारखीने रविवारी लिहिलेल्या प्रोग्रामला ते जमलं. सायमन टॅथमचा कोड्यांचा फुकट संग्रह बघा, एका माणसाने सुरू केलेला, ॲड नाहीत, काही नाही. त्यातल्या माइनस्वीपरमध्ये डाव अंदाज न लावता नुसत्या तर्काने सुटेल याची खात्री करा असा चक्क एक चौकोन आहे, तो चालू असला की प्रोग्राम डाव देण्याआधी स्वतः सोडवून बघतो. पंधरा ठोकळ्यांना तर एवढंही लागत नाही, सुटलेल्या मांडणीपासून सुरू करून नियमाप्रमाणेच ठोकळे सरकवत विस्कटलं की ती मांडणी सुटणारच. सुडोकूवाले वर्षानुवर्षं एकच उत्तर असलेली कोडी देतात, आणि ती शिस्त इतकी काटेकोर आहे की १६ आकडे देऊन एकच उत्तर असलेलं सुडोकू असूच शकत नाही, कमीत कमी १७ लागतात, हे २०१२ मध्ये कॉम्प्युटरने सगळं चाळून दाखवलं. ज्यांना करायचंय ते करतातच.

दुसरं उत्तर असतं की फुकट आहे ना मग तक्रार कसली. फुकट नाहीये. तीस सेकंदांची ॲड आपण बघतो ती विकलेली असते. आणि जाहिरातीत कोडं खोटं दाखवलं तर ती फसवणूक हे तर आधीच मान्य झालंय. त्या पिना ओढायच्या ॲड आठवा, हात मुद्दाम चुकीची पिन ओढतो आणि बघणाऱ्याला वाटतं अरे मी असतो तर सोडवलं असतं, आणि गेम उतरवला तर आत वेगळंच काहीतरी. ब्रिटनच्या जाहिरात नियामकाने २०२० मध्ये होमस्केप्स आणि गार्डनस्केप्स या खेळांच्या अशा ॲड दिशाभूल करणाऱ्या ठरवून थांबवल्या होत्या. मग ॲडमधलं कोडं खरं हवं आणि आतलं कोडं कसंही असलं तरी चालेल, हे कसं काय? गेममध्ये पैसे देऊन घ्यायच्या बंद पेटीतून (लूट बॉक्स) काय निघेल याची टक्केवारी सांगायला चीनने २०१७ पासून लावलंय, ॲपलनेही त्याच वर्षी तो नियम आणला. नशिबाच्या खेळात आकडा छापावा लागतो. बुद्धीच्या खेळात काहीच छापावं लागत नाही, खरं तर इथे जास्त गरज आहे, कारण पेटीतून वस्तू नाही निघाली तर माणूस नशिबाला बोल लावतो, आणि कोडं सुटलं नाही तर स्वतःला.

मागणी अगदी साधी आहे. लेव्हल सुरू होताना एक ओळ, हा डाव सुटतो हे तपासलेलं आहे, किंवा तपासलेलं नाही. लेव्हलला असा नंबर की दुसरा कोणीही तीच मांडणी उघडू शकेल. आणि हरले म्हटलं की उत्तर, पैसे आणि ॲड न मागता.

आणि कोणाला मुद्दाम अशक्य कोडी द्यायचीच असतील तर जरूर द्या, मला खरंच आवडतील, फक्त मग अजून एक बटण द्या, "हे सुटत नाही." गणितज्ञ ऑइलरला १७३५ मध्ये क्योनिग्सबर्गच्या सात पुलांचा प्रश्न पडला, प्रत्येक पूल एकदाच ओलांडून सगळं शहर फिरता येईल का, आणि त्याने सांगितलं की नाही येणार, कारण चारही भूभागांना जोडलेल्या पुलांची संख्या विषम आहे, एकाला पाच, बाकीच्यांना तीन तीन. ते नाही हेच उत्तर होतं, आणि त्या नकारातून गणिताची एक अख्खी शाखा उभी राहिली. कारण प्रश्नातच येईल का असं विचारलं होतं, नाही म्हणायला जागा होती. कल्पना करा, पाण्याच्या नळ्यांकडे अर्धा तास बघून तुम्हाला कळलं की दोन रिकाम्या नळ्यांत हे मावणारच नाही, तुम्ही ते बटण दाबलं आणि स्क्रीनवर आलं, बरोबर. तो आनंद सोडवण्याच्या आनंदापेक्षा कणभरही कमी नाही. उलट मला वाटतं जास्तच.

शेवटचा आक्षेप माझ्या एका मित्राचा, की आधीच सांगितलं हे सुटतं तर मजा गेली, अनिश्चितताच तर खरी गंमत आहे. मला हे आधी पटलं होतं. मग मी आईच्या फोनमध्ये टॅथमचा तो संग्रह टाकून दिला आणि त्या जुन्या लेव्हलबद्दल प्रोग्रामने काय सांगितलं ते तिला कागद दाखवून समजावलं. ती बराच वेळ कागदाकडे बघत राहिली, मग म्हणाली, "म्हणजे मी बरोबरच करत होते." परवा रात्री परत उशिरापर्यंत बसली होती, चाळीस मिनिटं झाली असतील एकाच कोड्यावर. मी वाकून बघायला गेले तर तिने फोन छातीशी धरला.

"हे सुटतं ना नक्की?"

"हो, सुटतं."

"मग राहू दे. तू काही सांगू नकोस."